‘लिव्हिंग डॉल’ लिहिलं कुणी? जेरी सोल यांची कारकीर्द आणि श्रेयनामावली वाचण्याची रीत

प्रश्न असा आहे: ‘द ट्वायलाइट झोन’ या जुन्या अमेरिकन मालिकेतल्या ‘लिव्हिंग डॉल’ या बाहुलीच्या भागावर लेखक म्हणून चार्ल्स बोमाँट यांचं नाव येतं. पण बऱ्याच ठिकाणी तो भाग जेरी सोल यांनी लिहिला असं सांगितलेलं सापडतं. मग खरं कोण? आणि सोल यांनी इतक्या मालिकांसाठी लिहिलं असेल, तर त्यांच्या कामाच्या दोन याद्या एकमेकींशी जुळत का नाहीत?

भाग सोल यांनीच लिहिला. पडद्यावरच्या श्रेयाच्या पाटीवरचं नाव बोमाँट यांचं आहे, तेही ठरवून. आणि याद्या जुळत नाहीत, कारण सोल यांचं काम चार वेगवेगळ्या रूपांत पडद्यावर आलं: स्वतःच्या नावाने, टोपणनावाने, दुसऱ्याच्या नावाखाली, आणि फक्त मूळ कथेचे किंवा कादंबरीचे लेखक म्हणून. यादी करणारा यातलं एखादं रूप धरतो, एखादं सोडतो. म्हणून आधी माणूस, मग पाट्या.

जेरी सोल यांचा जन्म 1913 चा, मृत्यू 2002 चा. इलिनॉय राज्यातल्या ब्लूमिंग्टन गावच्या ‘पँटाग्राफ’ या दैनिकात ते 1945 पासून तेरा वर्षं होते. विज्ञानकथा लिहायला लागले ते बातमीदारी करता करता. 1952 साली ‘गॅलक्सी’ मासिकात कथा आली, त्याच वर्षी ‘द हॅप्लॉइड्स’ ही कादंबरी, 1953 ला ‘कॉस्टिगन्स नीडल’, 1954 ला ‘दि आल्टर्ड इगो’. 1958 मध्ये ते कॅलिफोर्नियाला गेले आणि पंचेचाळिशीच्या उंबरठ्यावर दूरदर्शन मालिकांच्या लेखनात उतरले. हे वय लक्षात ठेवण्यासारखं आहे. तिथे पोचले तेव्हा ते नवशिके नव्हते. सहाएक वर्षांच्या कथा-कादंबऱ्यांचा साठा हाताशी होता आणि ठरलेल्या वेळेत ठरलेल्या शब्दांत मजकूर देण्याची वर्तमानपत्री सवय होती. पुढची सगळी कारकीर्द या दोन गोष्टींवर उभी राहिली.

सुरुवात झाली रूपांतरांनी. ‘आल्फ्रेड हिचकॉक प्रेझेंट्स’साठी त्यांनी 1959 मध्ये ‘डेड वेट’, 1960 मध्ये ‘नॉट द रनिंग टाइप’ आणि ‘द डाउटफुल डॉक्टर’ हे भाग लिहिले. तिन्हींच्या मूळ कथा दुसऱ्यांच्या. ‘नॉट द रनिंग टाइप’ची कथा हेन्री स्लेसर यांची. त्याच वर्षी ‘ट्वेल्व्ह अवर्स टू किल’ या चित्रपटाची पटकथा त्यांच्या नावावर आहे, तीही छापून आलेल्या दुसऱ्याच्या कथेवरून. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती आणि सूत्रधाराचं बोलणं वजा जाता कथेला पंचवीस मिनिटांच्या आसपास मिळतात. पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावर साधारण एक मिनिट, या ठोकताळ्याने पंचवीस पानं. दहा-बारा पानी छापील कथेतला निवेदकाचा विचार त्या पंचवीस पानांत कृतीत आणि बोलण्यात उतरवायचा, मधल्या जाहिरातीआधी ताण आणून सोडायचा आणि शेवटच्या दोन पानांत कथेचा काटा फिरवायचा. हे काम ज्याला जमतं त्याला बोलावणी येत राहतात, पण प्रेक्षकांत त्याचं नाव होत नाही. सोल त्यातले.

आता पाट्यांवरच्या शब्दांकडे. मराठी-हिंदी सिनेमाच्या श्रेयनामावलीत कथा, पटकथा आणि संवाद अशा तीन वेगळ्या ओळी असतात, ग. दि. माडगूळकरांसारखा एखादा तिन्ही एकटा सांभाळायचा, तर कुठे तीन माणसं असायची. अमेरिकेत संवादाची वेगळी ओळ नसते. तिथले शब्द असे वाचायचे. ‘स्टोरी बाय’ म्हणजे कथानक: कोण, काय घडतं, कसं वळतं. चित्रपटाला ‘स्क्रीनप्ले बाय’ आणि दूरदर्शनला ‘टेलिप्ले बाय’ म्हणजे दृश्यांत बांधलेली, संवादांसकट पूर्ण संहिता. ‘रिटन बाय’ म्हणजे कथा आणि संहिता दोन्ही त्याच लेखकाची. ‘बेस्ड ऑन’ म्हणजे मूळ मजकूर आधीपासून होता. त्याचा लेखक संहितेला हातही न लावता त्या पाटीवर येऊ शकतो. आजच्या नियमात दोन नावांमध्ये ‘&’ ही खूण असेल तर ते जोडीने बसून लिहिणारे, आणि ‘अँड’ असा शब्द असेल तर एकाने लिहिल्यावर दुसऱ्याने लिहिलेलं. याद्यांमध्ये या दोन्हींच्या जागी स्वल्पविराम पडतो आणि माहिती मरते. मात्र 1960 च्या दशकातल्या पाटीवर हा नियम डोळे मिटून लावू नये.

ही नावं ठरवते कोण? निर्माती संस्था तात्पुरती श्रेययादी त्या संहितेवर काम केलेल्या सगळ्या लेखकांना पाठवते. कुणी हरकत घेतली तर प्रकरण रायटर्स गिल्ड या लेखकांच्या संघटनेकडे जातं. गिल्डचे पंच मसुदे वाचून निर्णय देतात. म्हणजे पाटीवरचं नाव हा करार आणि निवाडा यांतून आलेला निष्कर्ष असतो. कुणाच्या टंकलेखन यंत्रातून कोणतं पान निघालं याची ती नोंद नसते. आणि पुनःप्रसारणाचे पैसे त्या नावाला बांधलेले असतात. हा पैशाचा भाग कळला की ‘लिव्हिंग डॉल’ची गोष्ट उलगडते.

चार्ल्स बोमाँट यांचा जन्म 1929 चा. ‘द ट्वायलाइट झोन’च्या 156 भागांपैकी 92 रॉड सर्लिंग यांनी लिहिले, आणि त्यांच्यानंतर सगळ्यात जास्त, 22 भागांवर, बोमाँट यांचं नाव आहे. तिशीच्या मध्यावर त्यांना मेंदूच्या ऱ्हासाचा आजार जडला. लक्ष लागेना, वाक्यं जुळेनात, वय भराभर चढल्यासारखं दिसू लागलं. 21 फेब्रुवारी 1967 ला ते गेले तेव्हा फक्त 38 वर्षांचे होते. मागे पत्नी आणि मुलं. मधल्या काळात हातात घेतलेली कामं पुरी करायची होती, घर चालायचं होतं. रिचर्ड मॅथिसन, विल्यम नोलन, जॉर्ज क्लेटन जॉन्सन, जॉन टॉमर्लिन आणि सोल हे सगळे लॉस एंजेलिस परिसरातले, एकमेकांच्या घरी जाणारे येणारे लेखक. काम बोमाँट यांच्या नावावर मिळायचं, कथानक बोलून ठरायचं, लिहायचा दुसरा, आणि पाटीवर नाव बोमाँट यांचंच राहायचं.

सोल यांनी असे तीन भाग लिहिले. ‘द न्यू एग्झिबिट’ हा 4 एप्रिल 1963 ला आलेला तासाभराचा भाग: बंद पडलेल्या संग्रहालयातले खुन्यांचे मेणाचे पुतळे तळघरात जपणारा माणूस, आणि ते वितळू नयेत म्हणून अखंड चालू ठेवलेलं वातानुकूलन यंत्र. ‘लिव्हिंग डॉल’ 1 नोव्हेंबर 1963 ला. ‘क्वीन ऑफ द नाइल’ 6 मार्च 1964 ला. बोमाँट यांच्या नावावरचा आणखी एक भाग, 24 जानेवारी 1964 चा ‘नंबर ट्वेल्व्ह लुक्स जस्ट लाइक यू’, टॉमर्लिन यांनी लिहिलेला आहे. तोही अनेकदा चुकून सोल यांच्या खात्यात टाकला जातो.

अशा वेळी गिल्डची यंत्रणा का हलत नाही, असं विचारलं जातं. तिला ठाऊकच नसतं म्हणून. नाव न देता लिहिणाऱ्याचा करार नसतो, त्यामुळे तो तात्पुरत्या यादीत नसतो, त्यामुळे हरकत नाही आणि पंचही नाहीत. पाटी नियमाप्रमाणे बिनचूक, पण लेखनाच्या बाबतीत रिकामी. पुढे त्या वर्तुळातल्या लेखकांनी स्वतः बोलायला सुरुवात केली म्हणून हे बाहेर आलं. इथे कुणी कुणाचं चोरलं, असा सूर लावणं अगदी चूक आहे. आजारी मित्राचं घर चालावं म्हणून केलेलं ते काम होतं, आणि सोल यांच्या कारकिर्दीतला मला सगळ्यात मोठा वाटणारा भाग तोच आहे.

‘लिव्हिंग डॉल’ जरा जवळून पाहू, कारण त्यात लिहिणाऱ्याचा हात दिसतो. एक घर, नवरा, बायको, बायकोची लहान मुलगी आणि बोलणारी बाहुली. बाहुलीला आवाज जून फोरे यांचा, सावत्र बाप टेली सव्हालास. जादू म्हणावी अशी गोष्ट एकच: बाहुली काय बोलते, आणि कुणासमोर. बापासमोर एकटी असली की धमकावते, बाकीच्यांसमोर गोड बोलते. तो तिला गॅरेजमध्ये नेतो, शेगड्यात (व्हाइसमध्ये) आवळतो, ज्योतीच्या नळीने जाळू पाहतो तर ज्योत विझते, फिरती करवत लावतो तर नुसत्या ठिणग्या उडतात. पाहा, या दृश्यात खर्च काहीच नाही. घरातलीच अवजारं आहेत. पण एकेक अवजार निकामी होत जातं तसा बघणाऱ्याला बाहुलीपेक्षा त्या माणसाचा राग जास्त भिववतो. बायकोला दिसतो तो मुलीचं खेळणं नष्ट करायला निघालेला नवरा. बाहुली खरंच बोलते का, हा प्रश्न शेवटच्या मिनिटापर्यंत लांबवता येतो तो या मांडणीमुळे. छोट्या अवकाशात, मोजक्या पात्रांत धोका घट्ट करत नेणं ही सोल यांची पद्धत, आणि ती त्यांच्या स्वतःच्या नावावरच्या कामातही सापडते.

‘स्टार ट्रेक’ या अवकाशयानावरच्या मालिकेचा ‘द कॉर्बोमाइट मॅनूव्हर’ हा भाग घ्या. यावर ‘रिटन बाय जेरी सोल’ अशी निखळ पाटी आहे. दोन प्रायोगिक भागांनंतर नियमित मालिकेसाठी चित्रित झालेला हा पहिला भाग. चित्रण 24 मे 1966 ला सुरू झालं. मालिका 8 सप्टेंबरला लागली, हा भाग मात्र दहावा, 10 नोव्हेंबर 1966 ला आला. अवकाशयानांची दृश्यं पुरी व्हायला वेळ लागला, म्हणून. प्रसारणाच्या क्रमाने पाहणारा म्हणतो, पात्रं इथे वेगळी का वागतात? उत्तर एवढंच, की हे त्यांचं पहिलंच पाऊल होतं. डॉक्टर मकॉय आणि उहुरा ही पात्रं सर्वांत आधी चित्रित झाली ती याच भागात.

कथेत जवळजवळ सगळा वेळ यानाच्या नियंत्रणकक्षातच जातो. समोर अजस्र यान, दहा मिनिटांची मुदत, सुटकेचा मार्ग नाही. यानावरचा अधिकारी स्पॉक म्हणतो बुद्धिबळात ही मात झाली. कप्तान कर्कला सुचतं, की हा खेळ बुद्धिबळाचा नाहीच, पत्त्यांतल्या पोकरचा आहे, आणि तो जहाजावर नसलेल्या द्रव्याची थाप मारतो. सोल यांनी पुढे 1970 च्या दशकात बुद्धिबळ आणि ब्रिज या खेळांतल्या कुरापतींवर दोन पुस्तकं लिहिली. खेळाडूची ही नजर त्या दृश्यात आधीच आहे.

त्याच मालिकेत त्यांची आणखी दोन कामं आहेत, आणि दोन्ही याद्यांत घसरतात. 2 मार्च 1967 ला आलेल्या ‘धिस साइड ऑफ पॅरडाइज’वर नाव आहे नेथन बटलर. हे सोल यांचं टोपणनाव; याच नावाने त्यांच्या कादंबऱ्याही आहेत. मूळ कथानकात परागकणांसारख्या बीजाणूंची बाधा होते ती एका गुहेत, आणि प्रेमकथा होती यानचालक सुलूची. मालिकेतल्या डी. सी. फोंटाना यांनी पुनर्लेखनाला घेतल्यावर दोन गोष्टी बदलल्या. गुहा काढली, कारण धोका एकाच जागी असेल तर तिकडे न जाणं हा सोपा उपाय ठरतो. बीजाणू सगळीकडे पसरू दिले. आणि प्रेमकथा स्पॉकला दिली, ज्याला भावना दाखवायच्याच नसतात. दोन्ही बदल अचूक आहेत, भाग उभा राहतो तो त्यांच्यामुळे. पण आपलं कथानक इतकं पालटल्यावर सोल यांनी स्वतःचं नाव मागे घेतलं. अंतिम पाटी: टेलिप्ले फोंटाना, कथा नेथन बटलर आणि फोंटाना. टोपणनाव घेतल्याने लेखकाचा वाटा जात नाही. फक्त आपलं नाव त्या रूपाशी जोडलं जात नाही. जे यादी करणारे ‘बटलर’ हा वेगळा माणूस समजतात त्यांच्याकडे सोल यांचा हा भाग गहाळ असतो, आणि जे नुसतं ‘लेखक: जेरी सोल’ लिहितात ते फोंटाना यांच्यावर अन्याय करतात.

3 जानेवारी 1969 च्या ‘हूम गॉड्स डिस्ट्रॉय’वर कथा ली अर्विन आणि जेरी सोल, टेलिप्ले एकट्या अर्विन यांचा. म्हणजे संवादांची वाहवा किंवा टीका सोल यांच्या नावावर घालता येत नाही.

‘दि आउटर लिमिट्स’ या विज्ञानकथांच्या मालिकेत तर एकाच हंगामात दोन उलट भूमिका आहेत. 31 ऑक्टोबर 1964 चा ‘दि इन्व्हिजिबल एनिमी’ ही सोल यांची 1955 ची छापील कथा, आणि टेलिप्लेवरही त्यांचंच नाव. तरी निर्मितीच्या बाजूने संहितेत पुष्कळ फेरफार झाले, त्यामुळे कथा आणि भाग शेजारी ठेवूनच मत द्यावं. 26 डिसेंबर 1964 चा ‘काउंटरवेट’ त्यांच्या 1959 च्या कथेवर, पण टेलिप्ले मिल्टन क्रिम्स यांचा. पहिल्यात ते पटकथाकार आहेत, दुसऱ्यात फक्त मूळ कथाकार.

तोच फरक ‘नाइट स्लेव्ह्ज’ला. 1965 ची ही कादंबरी: गावातली माणसं दर रात्री झोपेतल्यासारखी उठून कुठेतरी कामाला जातात. 1970 मध्ये एबीसी वाहिनीवर तिचा चित्रपट आला. पटकथा एव्हरेट चेंबर्स आणि रॉबर्ट स्पेक्ट यांची.

चित्रपटांत 1965 चा ‘डाय, मॉन्स्टर, डाय!’ हा त्यांचा सगळ्यात ठळक. भयकथाकार लव्हक्राफ्ट यांच्या ‘द कलर आउट ऑफ स्पेस’ या कथेवरून केलेला, बोरिस कार्लॉफ आणि निक अॅडम्स यांचा. मूळ कथा अमेरिकेतल्या न्यू इंग्लंडमधल्या शेतावर घडते; चित्रपट इंग्लंडमध्ये चित्रित झाला म्हणून घटनाही तिकडे नेली. ब्रिटनमध्ये तो ‘मॉन्स्टर ऑफ टेरर’ नावाने लागला, आणि याद्यांत या दोन नावांचे दोन चित्रपट होतात. त्याच वर्षी निक अॅडम्स यांचाच दुसरा चित्रपट जपानच्या तोहो संस्थेचा, दिग्दर्शक इशिरो होंडा, इंग्रजी नाव ‘फ्रँकेन्स्टाइन काँकर्स द वर्ल्ड’. यात सोल यांचं श्रेय फक्त कथासाराचं आहे. पटकथा ताकेशी किमुरा यांची, काओरू माबुची या टोपणनावाने. जपानमध्ये तो 1965 ला आला, अमेरिकेत 1966 ला, त्यामुळे वर्षही दोन दिसतात.

हे सगळं स्वतः पडताळायचं असेल तर कामाची रीत अशी ठेवा. प्रत्येक भागासाठी वहीत किंवा एक्सेलमध्ये एक ओळ, आणि रकाने: प्रसारणाची तारीख, निर्मिती क्रमांक, पाटीवरचे शब्द जसेच्या तसे, मूळ साहित्य व त्याचं वर्ष, पाटीवर नसलेला लेखक, आणि त्याचा पुरावा. पाटी स्वतः पडद्यावर थांबवून वाचा. पुनःप्रसारणाच्या कापलेल्या प्रतीत शेवटची नामावली गेलेली किंवा पिळून पळवलेली असते, म्हणून पूर्ण लांबीची प्रत घ्या. अर्ध्या तासाचा भाग 25 मिनिटांपेक्षा बराच कमी भरत असेल तर प्रत कापलेली समजा. प्रसारण आणि निर्मिती यांचे क्रम कधी मिसळू नका.

दुसरं, लेखकाच्या कथा-कादंबऱ्यांची यादी वर्षांसकट शेजारी मांडा. सोल यांच्यासारख्या मासिकांत वाढलेल्या लेखकाची निम्मी कोडी इथेच सुटतात. टोपणनावाला वेगळी ओळ द्या.

संहिता पाहायला मिळाली तर मुखपृष्ठावरचं नाव आणि तारीख आधी टिपा, मग आतल्या पानांच्या तारखा. दुरुस्तीची पानं निळ्या, गुलाबी, पिवळ्या अशा वेगळ्या रंगांच्या कागदावर घालण्याची पद्धत आहे. रंगांचा क्रम संस्थेगणिक बदलतो, म्हणून रंगापेक्षा तारखेवर भिस्त ठेवा. छायाप्रतीत रंग गेलेला असतो, तिथे तर तारीखच उरते. ‘स्टार ट्रेक’चे मसुदे आणि अंतर्गत टिपणं कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या लॉस एंजेलिस इथल्या ग्रंथालयात, मालिकेचे जनक रॉडनबेरी यांच्या संग्रहात आहेत, रायटर्स गिल्डच्या प्रतिष्ठानचं शॅव्हलसन-वेब ग्रंथालयही त्याच शहरात. इथून तिकडे जाणं होत नसेल तर निदान संग्रहाची सूची वाचा. मसुद्यांच्या तारखा बऱ्याचदा सूचीतच मिळतात. स्वामित्वहक्क नोंदीवर मात्र लेखक शोधू नका. तिथे मालक म्हणून निर्माती संस्था असते आणि लेखकाचं नाव नसलं तरी त्याचा अर्थ काही निघत नाही.

आणि ‘नाव न देता लिहिलं’ असा दावा दिसला की तीन गोष्टी विचारा: सांगणारा त्या कामात होता का, केव्हा सांगितलं, दुसऱ्या कुणी दुजोरा दिला का. सोल-बोमाँट प्रकरणात तिन्हींची उत्तरं पक्की आहेत. याद्यांमधल्या बाकीच्या अनेक ‘अनामिक’ नोंदींना एकाचंही नसतं. त्या रिकाम्या ठेवाव्यात.

विचारलेल्या भागाची ओळ मग अशी भरायची: ‘लिव्हिंग डॉल’, प्रसारण 1 नोव्हेंबर 1963, पाटीवर लेखक चार्ल्स बोमाँट, कथानक बोमाँट आणि सोल यांनी मिळून, संहिता जेरी सोल, पुरावा, त्या वर्तुळातल्या लेखकांची नंतरची निवेदनं. दोन्ही नावं लिहा. पाटी खोडायची नाही, कारण ते नाव तिथे राहावं म्हणूनच तो भाग लिहिला गेला होता.